बैलाला दाखला, माणसाला वाली कोण?

चित्रपटात बैल पळताना दाखवायचा असेल, तर निर्मात्याला आधी भारतीय जीवजंतू कल्याण मंडळाची पायरी चढावी लागते. करमणुकीच्या कामी येणाऱ्या प्राण्यांसंबंधी २००१ साली जे नियम झाले, त्यांनुसार त्या बैलाकडून कोणते काम करून घेणार हे आगाऊ कळवावे लागते आणि त्याची प्रकृती ठीक असल्याचा पशुवैद्याचा दाखला जोडावा लागतो. मंडळाचा कागद नसेल तर सेन्सॉर मंडळाकडे गाडी अडते. म्हणूनच चित्रपटाच्या आरंभी, या चित्रणात कोणत्याही प्राण्यास इजा झालेली नाही, अशी ग्वाही आपण पडद्यावर वाचतो. ही व्यवस्था योग्यच आहे. मुक्या जनावराला फिर्याद करता येत नाही, म्हणून त्याच्या वतीने कायद्याने बोलावे, हे सुसंस्कृत समाजाचे लक्षण होय.

परंतु त्याच धावत्या बैलगाडीतून उडी टाकणारा जो गडी आहे, त्याच्यासाठी असा दाखला कोणी मागितला आहे काय? त्या गाडीसमोर उलट्या पावलांनी धावत, एक डोळा भिंगाला लावून आणि दुसरा मिटून, दृश्य टिपणारा जो तरुण आहे, त्याच्या पाठीमागे खड्डा आहे की दगड, हे कोणी पाहिले आहे काय? पडद्यावर बैलाविषयी ग्वाही आहे. माणसाविषयी मात्र मौन आहे. हे मौन आम्हांला अस्वस्थ करते. ते आज मोडण्याची वेळ आली आहे, असे आमचे स्पष्ट मत आहे.

हा प्रश्न मुंबईच्या चित्रनगरीचा आहे, विदर्भाला त्याचे काय, असे कोणी म्हणेल. असे म्हणणाऱ्याने नागपुराहून साठ किलोमीटरवर असलेल्या भंडारा जिल्ह्याकडे एकवार पाहावे. हा झाडीपट्टीचा मुलूख आहे. दंडार आणि खडी गंमत यांवर पोसलेला आणि कडाक्याच्या थंडीत घोंगडी पांघरून पहाटेपर्यंत नाटक पाहणारा असा प्रेक्षक महाराष्ट्रात अन्यत्र विरळाच. दिवसा शंकरपट आणि रात्री नाटक हा इथला हिवाळ्याचा शिरस्ता आहे. झाडीपट्टीचे ज्येष्ठ नट परशुराम खुणे यांना २०२३ साली पद्मश्री मिळाली, तेव्हा या रंगभूमीची दखल दिल्लीनेही घेतली. ज्या मातीत नट पिकतात, त्या मातीत हातातल्या मोबाइलवर चित्रीकरण करता येऊ लागल्यावर चित्रपट पिकू नयेत, हे शक्यच नव्हते. आज झाडीबोलीत छोट्या चित्रफिती आणि लघुपट तयार होतात, ते लाखो हातांतील पडद्यांवर पाहिले जातात, आणि त्यांच्या मागे ना कंपनी असते ना स्टुडिओ. चार मित्र, एक कॅमेरा, दोन मोटारसायकली आणि अमाप उमेद एवढेच त्यांचे भांडवल.

आणि निसर्गाने या जिल्ह्याला असे देखावे दिले आहेत की कोणाही छायालेखकाला मोह पडावा. वैनगंगेचे पात्र आहे, गोसीखुर्दच्या धरणामागे पसरलेला अथांग जलाशय आहे, तुमसर तालुक्यातील आंबागडचा पडका किल्ला आहे, मँगनीजच्या खाणींचे काळे उतार आहेत, कोक्याचे जंगल आहे, गावोगावचे मालगुजारी तलाव आहेत. मुंबई-हावडा लोहमार्गही याच जिल्ह्यातून धडधडत जातो. नायकाने पाण्यात झेप घ्यावी, तटावरून खाली यावे, रुळांवरून धावावे, अशी दृश्ये इथे सुचली नाहीत तरच नवल. पण हे सर्व देखावे जितके मोहक, तितकेच मारकही आहेत. जलाशयाचा तळ दिसत नाही, पडक्या तटाचा दगड निसटतो, आणि आगगाडीला एकाएकी थांबता येत नाही.

अल्प खर्चाच्या चित्रपटाविषयी आमच्या मनात आकस नाही. उलट, मराठी मुलखाने या क्षेत्रात जे मिळवले, त्याचा मोठा भाग अशा रिकाम्या खिशांनीच मिळवला आहे. अमरावतीत जन्मलेले मास्टर भगवान १९५१ च्या 'अलबेला'मुळे अवघ्या देशाला ठाऊक झाले. पण त्यापूर्वी कित्येक वर्षे ते थोडक्या पैशांत स्टंटपट काढीत होते आणि गिरणगावातला कामगार ते डोक्यावर घेत होता. आपल्याच काळात मालेगावच्या शेख नासिर यांनी यंत्रमागाच्या खडखडाटात स्वतःची चित्रनगरी उभी केली. २००० च्या सुमारास त्यांनी 'मालेगाव के शोले' काढला. रूळ व ट्रॉली यांच्या ऐवजी सायकल, आणि क्रेनच्या ऐवजी बैलगाडी, अशी त्यांची साधनसामग्री. फैझा अहमद खान यांच्या २००८ च्या माहितीपटाने ती जगाला दाखवली, आणि २०२५ साली त्याच कथेवर मोठा हिंदी चित्रपटही निघाला. या कल्पकतेला मनापासून दाद दिलीच पाहिजे.

मात्र त्याच माहितीपटात एक प्रसंग आहे. चित्रीकरण चालू असता कॅमेराच पाण्यात पडतो आणि सारे काम ठप्प होते. प्रेक्षक हसतात, हळहळतात, आणि कॅमेरा दुरुस्त झाल्यावर सुटकेचा निःश्वास टाकतात. आमचा प्रश्न एवढाच आहे. यंत्र पाण्यात पडले तर ते वाळवता येते, त्याचा भाग बदलता येतो. ते यंत्र धरणारा हात पाण्यात गेला, तर तो कोठून दुरुस्त करून आणायचा?

अल्प खर्च म्हणजे काय, याचा हिशेब एकदा निर्दयपणे मांडला पाहिजे. कॅमेऱ्याचे भाडे कमी होत नाही, कारण तो मालक रोख मागतो. पेट्रोल उधार मिळत नाही. जेवण तर द्यावेच लागते. मग काटकसर होते कोठे? ती होते झोपेत, ती होते हातांच्या संख्येत, आणि ती होते सुरक्षिततेत. चार माणसांचे काम दोघे करतात, दोन दिवसांचे चित्रीकरण एका दिवसात उरकले जाते, उंचावरून पडणाऱ्याखाली रिकाम्या खोक्यांचा जाड थर व गाद्या हव्यात तिथे गवताचा भारा टाकला जातो. पैसा वाचला असे आपण म्हणतो. खरे पाहता खर्च वाचलेला नसतो. तो कोणाच्या तरी हाडांवर उधार लिहिलेला असतो. वीस फुटांवरून पडणारा माणूस जमिनीला भिडतो तेव्हा त्याचा वेग ताशी सुमारे ३९ किलोमीटर असतो. शंभर कोटींच्या चित्रपटातही तेवढाच, आणि पन्नास हजारांच्या चित्रपटातही तेवढाच. गुरुत्वाकर्षण अंदाजपत्रक पाहून चालत नाही.

स्टंट करणाऱ्याचा धोका निदान डोळ्यांना दिसतो. कॅमेरा हाताळणाऱ्यांचा धोका दिसतही नाही, कारण तो चौकटीबाहेर असतो. जो भिंगातून पाहतो, त्याचे आजूबाजूचे भान सुटते. अंतराचा अंदाज चुकतो. काठ कोठे संपतो हे कळत नाही. म्हणून जाणत्या चित्रपथकात, उलटे चालणाऱ्या कॅमेरामनच्या मागे त्याचा पट्टा धरून चालणारा एक माणूस ठेवतात. त्याचे काम एवढेच की कॅमेरामनचे डोळे व्हायचे. अल्प खर्चात पहिली गदा येते ती याच माणसावर, कारण तो 'काहीच करीत नाही' असे वाटते! जीपच्या मागल्या फळीवर बसून धावत्या मोटारसायकलीचे चित्रण करणारा, धानाच्या ओल्या बांधीतून विजेची तार ओढणारा, आणि रात्रभर दिवे धरून पहाटे दुचाकीवरून पेंगत गावी परतणारा, हे तिघेही त्या दिवशीच्या कथेत नसतात. अपघात झालाच, तर तेवढ्यापुरते ते वार्तेत येतात.

ही भीती काल्पनिक नाही. १९४२ साली एका चित्रीकरणात मास्टर भगवान यांच्या हातची थप्पड ललिता पवार यांना इतकी जोराने बसली की चेहऱ्याला अर्धांगाचा झटका आला आणि डावा डोळा कायमचा अधू झाला. नायिकेच्या भूमिका संपल्या. पुढे त्यांनी त्याच डोळ्यानिशी खाष्ट सासवा अजरामर केल्या, हे त्यांच्या जिद्दीचे श्रेय, थपडेचे नव्हे. ७ नोव्हेंबर २०१६ रोजी बंगळुरूजवळच्या तिप्पगोंडनहळ्ळी जलाशयात एका कन्नड चित्रपटासाठी हेलिकॉप्टरमधून उड्या टाकलेले दोन नट बुडून मेले. त्यांच्या अंगावर जीवरक्षक जाकिटे नव्हती. १३ जुलै २०२५ रोजी तामिळनाडूत नागपट्टिनम जिल्ह्यात, मोटार उलटवण्याच्या दृश्यात एस. एम. राजू हा कसलेला स्टंट कलावंत प्राणास मुकला. त्यानंतर, अक्षय कुमार या नटाने सुमारे ६५० स्टंट कलावंतांचा विमा उतरवल्याची बातमी आली. त्याबद्दल त्यांचे अभिनंदन. परंतु एका नटाच्या औदार्याची जिथे बातमी होते, तिथे कायद्याची अनुपस्थिती हीच खरी बातमी असते. आणि ते औदार्य मुंबईच्या संघटित कलावंतांपर्यंत पोचले तरी भंडाऱ्याच्या पोराला त्याचा काय उपयोग?

कॅमेरा पथकाच्या बाबतीत अमेरिकेतील दोन उदाहरणे आमच्या तरुणांनी अवश्य ध्यानी घ्यावीत. १९९७ साली ब्रेंट हर्शमन हा साहाय्यक कॅमेरामन एकोणीस तासांचे काम संपवून मोटारीने घरी निघाला आणि झोपेच्या भरात अपघातात गेला. २० फेब्रुवारी २०१४ रोजी जॉर्जिया राज्यात, तेथील मानाने अल्प खर्चाच्या एका चित्रपटासाठी पथक रेल्वेच्या पुलावर चढले. रेल्वे कंपनीने परवानगी नाकारली होती. रुळांवर मधोमध एक लोखंडी पलंग मांडला होता. गाडी आली, पलंगाच्या चिंधड्या उडाल्या, आणि सारा जोन्स ही सत्तावीस वर्षांची साहाय्यक कॅमेरावुमन ठार झाली. दिग्दर्शकाने २०१५ साली न्यायालयात सदोष मनुष्यवधाचा गुन्हा कबूल केला आणि तो तुरुंगात गेला. नुकसानभरपाईवर प्रकरण मिटले नाही, हे विशेष. 'दृश्य हवे होते' ही सबब मृत्यूपुढे चालत नाही, हे त्या न्यायालयाने सांगितले.

आपल्याकडे कायदा अगदीच नाही असे नव्हे. सिने-कामगारांना लेखी करार मिळावा म्हणून १९८१ सालीच केंद्राने कायदा केला होता. तो व असे आणखी बारा कायदे एकत्र करून झालेली व्यावसायिक सुरक्षितता, आरोग्य व कार्यस्थितीविषयक संहिता २१ नोव्हेंबर २०२५ पासून अमलात आली आहे. तिच्यात 'दृक्‌श्राव्य कामगार' या व्याख्येत स्टंट करणाऱ्याचाही समावेश आहे, आणि लेखी कराराची अट कायम आहे. कागदावर हे समाधानकारक दिसते. पण या जाळ्याचे छिद्र नेमके कोठे आहे ते पाहा. संहितेच्या दृष्टीने 'आस्थापना' म्हणजे सर्वसाधारणतः जेथे दहा वा अधिक कामगार काम करतात ती. आमच्या झाडीपट्टीतील पथकात सहा माणसे असतात! शिवाय कायदा कामगाराला ओळखतो. तो मित्राला ओळखत नाही. जो वेतन घेत नाही, जो 'दोस्तीखातर' आला आहे, ज्याने कागदावर सही केलेली नाही, तो कायद्याच्या लेखी तिथे नव्हताच. घरच्यांनी जाब विचारावा तर कोणाला? ज्याच्या सांगण्यावरून मुलाने उडी टाकली, तोही त्याच्याच बाकावरचा.

भंडारा जिल्ह्याने निष्काळजीपणाची किंमत दुसऱ्या कोणाकडून शिकावी असे नाही. ९ जानेवारी २०२१ च्या पहाटे जिल्हा रुग्णालयातील नवजात शिशुकक्षाला आग लागून दहा अर्भके गेली. ती जखम अद्याप ओली आहे. तेथे निदान विचारायला एक इमारत होती, एक खाते होते, चौकशी समिती नेमता आली. तलावाच्या काठी सहा मित्रांनी मांडलेल्या चित्रीकरणाची चौकशी कोण करणार? तेथे ना नोंद, ना दप्तर. ज्या कामाची नोंदच नाही, त्या कामात झालेला मृत्यू केवळ 'बुडून मृत्यू' म्हणून पोलीस ठाण्याच्या वहीत जाईल.

यावर एक आक्षेप घेतला जातो, आणि तो प्रामाणिक आहे. असे कागद मागू लागलात तर गरिबाचा चित्रपटच बंद पडेल. मोठे निर्माते वकील ठेवतील आणि लहानाची मान परवान्याच्या फासात अडकेल, असे तरुण मंडळी म्हणतात. परवान्यांच्या राज्याचा या देशाने घेतलेला अनुभव पाहता ही भीती आम्ही उडवून लावणार नाही. म्हणूनच आम्ही नवे खाते मागत नाही, निरीक्षक मागत नाही, शुल्क तर नाहीच नाही. आम्ही मागतो तो कागद एका पानाचा आहे. चित्रीकरण कोठे, किती वाजेपर्यंत, धोक्याचे दृश्य कोणते, ते कोण करणार, त्याला नकार देण्याची मुभा आहे हे त्याला सांगितले आहे काय, जवळचे रुग्णालय कोणते, वाहन कोणाचे, आणि या सर्वांना जबाबदार कोण? एवढे लिहून त्याची एक प्रत ग्रामपंचायतीत आणि एक पोलीस ठाण्यात ठेवावी. लिहायला बसले की निम्मे धोके तिथेच ध्यानात येतात. ज्याला आपल्या नावापुढे 'जबाबदार' असे लिहावे लागते, तो दोनदा विचार करतो.

आणि खर्चाचे म्हणाल, तर पंतप्रधान सुरक्षा विमा योजनेचा हप्ता वर्षाला २० रुपये आहे. अपघाती मृत्यू आल्यास कुटुंबाला २ लाख रुपये मिळतात. ही रक्कम पुरेशी नाही, हे आम्ही जाणतो. पण वर्षाकाठी दोन चहांच्या किमतीत जे मिळते, तेही न घेणे याला गरिबी म्हणत नाहीत, बेपर्वाई म्हणतात. पाण्यातील दृश्य असेल तर त्या तलावाचा तळ ज्यांना ठाऊक आहे असे ढिवर बांधव या जिल्ह्यात गावोगाव आहेत. त्यांचा एक डोंगा आणि दोन पोहणारे दिवसाची मजुरी देऊन काठाशी उभे करा. हीच तुमची जीवरक्षक सेना. कॅमेरामनचा पट्टा धरायला गावातला एक जाणता गडी पुरे. रुळांवरचे दृश्य परवानगीशिवाय करूच नका. बारा तास झाले की दिवा विझवा, आणि रात्रभर जागलेल्याला दुचाकीची किल्ली देऊ नका. यांतील एकाही गोष्टीला मुंबईहून माणूस आणावा लागत नाही. बैलगाडीची क्रेन करण्याची जी बुद्धी आहे, तीच बुद्धी माणूस वाचवण्याकडे वळवायची आहे.

शासनाने काय करावे, हेही सांगितले पाहिजे. मराठी चित्रपटांना दर्जानुसार ४० लाख वा ३० लाख रुपयांचे अर्थसाहाय्य देण्याची योजना राज्याने चालवली आहे. सार्वजनिक पैसा ज्या चित्रपटाला जातो, त्याच्या निर्मितीत माणसे कशी वागवली गेली, हे विचारण्याचा जनतेला पूर्ण अधिकार आहे. या साहाय्याच्या अर्जासोबत वरील एकपानी जबाबनामा आणि विम्याची नोंद बंधनकारक करावी. सेन्सॉर मंडळ बैलासाठी कागद मागू शकते, तर माणसासाठी का मागू शकत नाही? पडद्यावर एक ओळ आहे, तिच्याखाली दुसरी लिहायला जागा भरपूर आहे. आमच्या जिल्ह्यांतून शंकरपट भरवायचा तर जिल्हाधिकाऱ्यांची परवानगी आणि बैलांची तपासणी लागते. ती शिस्त लोकांनी स्वीकारली, आणि शंकरपट बंद पडले नाहीत. चित्रपटही बंद पडणार नाहीत.

शेवटी, नागपुरासारख्या शहरातील सुशिक्षित रसिकांना आमचे दोन शब्द. चित्रपट महोत्सवात अल्प खर्चाचा चित्रपट संपला की सभागृहात कौतुकाची लाट येते. 'इतक्या थोड्या पैशांत केले!' हे वाक्य आपल्या ओठांवर असते. ते कौतुक खोटे नाही. पण त्याच वेळी, दिग्दर्शक व्यासपीठावर आला असता, त्याला आणखी एक प्रश्न विचारण्याचे धैर्य रसिकांनी दाखवावे: कड्यावरून तो मुलगा पडला तेव्हा खाली काय होते? त्याच्यासमोर कॅमेरा घेऊन कोण उभे होते, आणि त्याच्या मागे कोण होते? फिल्म सोसायट्यांनी, महाविद्यालयांनी आणि स्पर्धांच्या परीक्षकांनी हा प्रश्न नित्याचा केला, तर कोणत्याही अधिनियमापेक्षा त्याचा परिणाम अधिक होईल. कारण पारितोषिकाची आशा असलेला तरुण निरीक्षकाला चुकवील, पण परीक्षकाला चुकवणार नाही.

झाडीपट्टीच्या तरुणांना आमचे सांगणे निराळे आहे. चित्रपट काढा. तुमची बोली, तुमची धानाची बांधी, तुमची वैनगंगा पडद्यावर येऊ द्या. मुंबई तुमच्या वतीने ते करणार नाही. धाडस करा, धाडसाशिवाय कला नाही. पण स्वतःच्या कल्पनेसाठी मित्राचा जीव पणाला लावणे हे धाडस नव्हे. चित्रपट फसला तर दुसरा काढता येतो. ज्या घरी संध्याकाळी मुलगा परत येत नाही, त्या घराला तुमचे उत्तम दृश्य कोणत्या तोंडाने दाखवाल? बैलाला दाखला देणाऱ्या या देशाने माणसालाही तो द्यावा, आणि कायदा येईपर्यंत तो तुम्हीच एकमेकांना लिहून द्यावा, एवढेच आमचे मागणे आहे.